सुलट आणि उलट

या अमृतमहोत्सवी स्मरणिकेसाठी मी विणकामाच्या तासाबद्दल लिहीत आहे, कारण त्या तासाला शिकलेले दोन टाके माझ्या हातांना आयुष्यभर पुरले. १९६२ साली दिवाळीच्या सुट्टीनंतर शाळा उघडली तेव्हा चीनशी युद्ध पेटलेले होते. सीमेवरच्या जवानांसाठी देशभर स्त्रिया आणि शाळकरी मुली स्वेटर, मफलर, मोजे विणत होत्या. आमच्या बाईंनीही शिवण बाजूला ठेवून आम्हा सातवीच्या मुलींच्या हाती आठ नंबरच्या सुया आणि जाड लोकर दिली.

आरंभी फक्त सुलट टाका. लोकर मागे धरायची, उजवी सुई टाक्यात पुढून मागे घालायची, तिला लोकरीचा वेढा द्यायचा, तो वेढा टाक्यातून पुढे ओढून घ्यायचा आणि जुना टाका डाव्या सुईवरून सोडून द्यायचा. मग उलट टाका : लोकर पुढे, सुई टाक्यात मागून पुढे, आणि वेढा टाक्यातून मागे काढायचा. एवढे जमले की बाई विणकाम पालथे करून दाखवत. गव्हाच्या लोंबीसारखा दिसणारा सुलट टाका मागच्या बाजूने आडव्या गाठीसारखा, म्हणजे उलट दिसे. टाका एकच, फक्त त्याच्या बाजू दोन, हे तेव्हा मनात पक्के बसले. ओळीत कुठे थांबलो होतो ते विसरले, तरी मोजत बसायचे नाही, सुईखालचा टाका पाहून ओळखायचे, असा बाईंचा आग्रह असे. शिकवण्याची याहून चांगली रीत मी पाहिलेली नाही.

एक ओळ सुलट, एक ओळ उलट विणली की कापड गुळगुळीत होते, पण त्याच्या कडा वळतात. म्हणून आमच्या मफलरांना एकाच ओळीत एक टाका सुलट, एक टाका उलट अशी वीण होती. ती कडेला वळत नाही, दोन्ही बाजूंनी सारखी दिसते आणि ताणली तरी पुन्हा आक्रसते. टाक्यांची संख्या सम ठेवली की प्रत्येक ओळ सुलट टाक्यानेच सुरू होते. मात्र दर टाक्याला लोकर दोन सुयांच्या मधून पुढे-मागे न्यावी लागते. ती सुईवरून आणली, तर एक जादा वेढा पडून टाके वाढतात. बाई सर्वांत जास्त वेळ देत त्या या एका हालचालीला. टाका गळालाच तर तो क्रोशाच्या सुईवर घेऊन, वरचा एकेक आडवा धागा त्यातून ओढत पुन्हा वर कसा आणायचा, हेही त्यांनी प्रत्येकीच्या शेजारी बसून शिकवले. शेवटची ओळ बंद करताना हात सैल ठेवायला त्या सांगत, म्हणजे टोक आखडत नाही.

पुढे शेजारपाजारच्या अनेक मुलींना मी याच क्रमाने विणकाम शिकवले. आपल्या शाळेत हा तास पुन्हा सुरू व्हावा, आणि या वेळी मुलांनाही त्यात बसवावे, अशी माझी मनापासून इच्छा आहे. मुख्याध्यापकांनी अनुमती दिल्यास शिकवायला मी आनंदाने येईन.