तुम्ही विचारलंत म्हणून: त्यातलं खरं किती ठरलं?

विज्ञानकथांचा अभ्यास करते म्हटलं की समोरचा माणूस आधी हसतो आणि मग विचारतो, "मॅडम, त्यातलं खरं किती ठरलं?" लग्नाच्या पंगतीत विचारतात, पेपर तपासायच्या केंद्रावर विचारतात. एकदा नांदेडच्या एसटीत कंडक्टरनं तिकीट फाडता फाडता विचारलं. जणू विज्ञानकथा म्हणजे पंचांग आणि मी ते ताडून बघणारी बाई.

तर एकदाचं सांगून टाकते. भाकितांचा हिशेब मांडला तर हाती फार काही लागत नाही. हमखास दिलं जाणारं उदाहरण म्हणजे इंग्रज विज्ञानकथाकार आर्थर सी. क्लार्क यांचे दळणवळण उपग्रह. पण ती कल्पना त्यांनी १९४५ साली रेडिओ-तंत्राच्या एका मासिकात लेख म्हणून मांडली होती. ती कथा नव्हतीच. ज्यूल व्हर्ननं १८६५ च्या कादंबरीत चंद्राकडे जाणारी माणसं फ्लोरिडातून पाठवली आणि १९६९ साली माणसं खरंच तिथून गेली, हे कबूल. मात्र व्हर्ननं त्यांना तोफेतून उडवलं होतं. बार उडताक्षणीच आतल्या तिघांचा चेंदामेंदा झाला असता.

मग मी बघते काय? लेखकाला काय सुचलं नाही, ते.

माझ्याकडे जुन्या दिवाळी अंकांचा एक गठ्ठा आहे. पिना गंजलेल्या, पानांना डांबरगोळ्यांचा वास. त्यातल्या कथांमध्ये मंगळावर वसाहत झालेली असते, घरात यंत्रमानव असतो, शास्त्रज्ञ नवरा विश्वाचा उलगडा करत असतो आणि चहाचा ट्रे घेऊन मात्र वहिनीच बाहेर येतात. यंत्रमानवाला गणितं येतात, आधण ठेवता येत नाही. अशा जागी मी पेन्सिलीनं गोल करते. लेखकाची चूक काढायची म्हणून नव्हे. उद्याची गोष्ट लिहितानाही आज कुठं घट्ट चिकटून बसला होता, ते त्या गोलात सापडतं. समीक्षेचं निम्मं काम तिथंच असतं.

उरलेलं निम्मं समजावताना डार्को सुविन या अभ्यासकाचं नाव घ्यावं लागतं. त्यांचं म्हणणं माझ्या भाषेत असं: कथेत एक नवी गोष्ट आणली की तिच्यामुळं भोवतालचं जग तर्कानं हललं पाहिजे. ती काढून घेतली आणि कथा जशीच्या तशी उभी राहिली, तर ती साधी प्रेमकथा समजायची, नुसती यानात बसवलेली. वर्गात मी हे तास-तासभर शिकवलंय. आमच्या आत्यानं ते ओट्यावर बसून एका वाक्यात सांगितलं.

२०१५ चा ऑगस्ट होता. पाऊस नव्हता आणि औरंगाबादहून कृत्रिम पावसाचं विमान उडत होतं. ढगात क्षारांचे बारीक कण सोडायचे, त्यांच्याभोवती बाष्प धरून थेंब मोठे होतात, असं मी जिंतूरकडच्या आमच्या गावी सगळ्यांना समजावत होते. आत्यानं निवडायचं सूप खाली ठेवलं आणि म्हणाली, "पाडा की. पण ढग हितंच पिळला तर खालच्या शिवारातल्यानं काय करावं? भांडायला तलाठ्याकडं जावं का विमानवाल्याकडं?"

तिनं जन्मात एकही विज्ञानकथा वाचलेली नाही. पाऊस पडेल का, हे तिनं विचारलंच नाही. पडला तर पुढं काय, हे विचारलं.

आता आमच्या शेजारच्या हिंगोली जिल्ह्यात, औंढा नागनाथजवळ, गुरुत्वीय लहरी, म्हणजे दूरच्या प्रचंड घडामोडींनी खुद्द अवकाशालाच बसणारे हेलकावे, टिपणारी लायगो-इंडिया ही प्रयोगशाळा व्हायची आहे. २०२३ मध्ये केंद्रानं तिला मंजुरी दिली. चार-चार किलोमीटरच्या दोन भुजा आणि त्यांच्या लांबीतला प्रोटॉनच्या व्यासाच्या हजाराव्या भागाहूनही बारीक फरक मोजायची ताकद. दोन कृष्णविवरं एकमेकांत मिसळल्याची लहर अमेरिकेतल्या अशाच यंत्रांनी २०१५ मध्ये टिपली. ते ऐकून एक विद्यार्थी म्हणाला, "म्हणजे नारळीकर सरांचं खरं ठरलं की!" जयंत नारळीकरांनी 'कृष्णविवर' ही कथा मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला नारायण विनायक जगताप या टोपणनावानं पाठवली होती, अक्षर ओळखू नये म्हणून पत्नीकडून लिहून घेऊन. पण कृष्णविवरं भौतिकशास्त्रात तेव्हाही होतीच, ती काही त्यांनी भाकीत म्हणून वर्तवली नव्हती. मला त्यातली टोपणनावाची हकिगतच जास्त आवडते.

औंढ्याला नामदेवांच्या कीर्तनासाठी देऊळच फिरलं, असं सांगतात. चमत्कारात देऊळ फिरलं की गोष्ट संपते. विज्ञानकथेत ती तिथून सुरू होते: आता सावली कुणाच्या दारात पडणार, पुजाऱ्यानं कोणत्या वाटेनं यायचं?

गेल्या वर्षी तिकडच्याच एका मुलीनं मला कथा दाखवली. पोळ्याची मिरवणूक निघते, हलगीचा ठेका लायगोच्या यंत्रात उमटतो आणि मोजमाप बिघडू नये म्हणून गावाला हलगी बंद ठेवायला सांगतात. गाव दुभंगतं, कुणीच पूर्ण चूक नसतं. मी हरखून वाचत होते. चौथ्या पानावर प्रयोगशाळेचे साहेब सरपंचाच्या घरी येतात आणि आतून सरपंचाची बायको चहा घेऊन येते.

मी पेन्सिलीनं गोल केला आणि वही तिच्याकडं सरकवली. ती बघत राहिली, मग म्हणाली, "मॅडम, सरपंच तीच करू का?"