चोवीस खण

"अगं, हे काय आणलंस?" आईने विचारलं आणि उत्तराची वाट न बघता हात पुढे केला. पट्ट्यांवरून बोटं फिरवली, एका खणात मूठ घालून बघितली, मग दुसऱ्या. "भोकंच भोकं आहेत," म्हणाली.

तो वाइनच्या बाटल्या आडव्या ठेवायचा लाकडी रॅक होता. मैत्रीण घर बदलत होती, नव्या घरात तिला तो नको होता, म्हणून मी मागून घेतला. आडवे चार खण, उभे सहा, एकूण २४. प्रत्येक खण साधारण साडेनऊ सेंटिमीटरचा चौकोन. बाटली जाडीला साडेसात-आठ सेंटिमीटर असते, ती आत-बाहेर सहज सरकावी म्हणून एवढी जागा. बाटल्या आडव्या ठेवतात त्या बुचासाठी. वाइन बुचाला लागून राहिली की बूच ओलं राहतं. ते सुकलं तर आकसतं आणि आत हवा शिरते.

मला मात्र ते खण बघताक्षणी लोकरीचे गुंडे दिसले. पन्नास ग्रॅमचा गुंडा त्यात अगदी मापात बसतो.

आईच्या नजरेचा मधला भाग गेल्या काही वर्षांत पुसट होत गेलाय. दोष डोळ्याच्या पडद्याच्या मधल्या भागात आहे. कडेचं दिसतं, पण ज्याच्याकडे रोखून बघावं तेच दिसत नाही. विणकाम यामुळे थांबलं असेल असं लोकांना वाटतं. तसं झालं नाही. सुलट-उलट तिच्या बोटांना पाठ आहे, सुटलेला टाका ती चाचपून उचलते. अडत होतं ते लोकर शोधण्यापाशी. सगळी लोकर ट्रंकेत, पिशवीत पिशवी. राखाडी हवी तर दहा पिशव्या सोडायच्या आणि प्रत्येक गुंडा मला दाखवायचा, "हा कुठला गं?" मी कामात असले की ती थांबायची. हळूहळू तिने हाका मारणं कमी केलं, आणि मग सुयाही हातात दिसेनाशा झाल्या. हे माझ्या उशिरा लक्षात आलं, त्याची टोचणी अजून आहे.

रॅक लगेच वापरण्याजोगा नव्हता. बाटलीच्या काचेला लाकडाच्या कुसळांचं काही वाटत नाही, लोकर मात्र प्रत्येक कुसळाला अडकते. आधी १२० नंबरच्या पॉलिश पेपरने घासला, मग २२० नंबरच्या. खणांच्या आतल्या बाजूंना हात नीट पोचत नाही, म्हणून पेपर लाकडी पट्टीला गुंडाळून घासावं लागलं. यातच दोन दिवस गेले. गुळगुळीत झालं की नाही हे बोटांना नेहमी कळत नाही. त्यासाठी जुना नायलॉनचा पायमोजा हातावर चढवायचा आणि प्रत्येक कडेवरून फिरवायचा. जिथे धागा ओढला जातो तिथे पुन्हा घासायचं. ही परीक्षा आईने घेतली. मला पास वाटलेल्या अकरा जागा तिने नापास केल्या.

एका खणात तळाला लालसर डाग होता, कधीतरी बाटली पाझरली असणार. तो घासूनही गेला नाही. तसाच ठेवला.

आतून पॉलिश केलं नाही. ओलसर पॉलिश लोकरीला लागलं तर गुंडा वाया जातो, आणि वासही बरेच दिवस राहतो. समोरच्या कडा मात्र पांढऱ्या रंगवल्या. लाकूड गडद आहे, त्यामुळे पांढऱ्या चौकटीतला प्रत्येक खण आईला कडेच्या नजरेने वेगळा ओळखू येतो. घरी येणारे म्हणतात, काय सुंदर दिसतंय. दिसतंच. पण रंग दिला तो आईला खण ओळखू यावेत म्हणून.

मग पत्ते ठरवले. प्रत्येक ओळीच्या डाव्या टोकाला बटणं चिकटवली. वरच्या ओळीला एक, तिच्याखाली दोन, असं सहापर्यंत. ओळीतले चार खण आई चार बोटांनी मोजते. तीन बटणांच्या ओळीत दुसरं बोट म्हणजे राखाडी. हे तिने दुसऱ्याच दिवशी पाठ केलं, मी अजून चुकते.

खण जवळजवळ २२ सेंटिमीटर खोल आहे, त्यामुळे एकामागे एक दोन गुंडे राहतात. सुरुवातीला मी पुढे एक रंग आणि मागे दुसरा ठेवला. चूक होती ती. मागचा विस्मरणात जातो. आता नियम असा की एका खणात एकच लोकर, तीही एकाच लॉटची, म्हणजे एकाच वेळी रंगवलेली. लोकर विणणाऱ्यांना हे सांगायला नको, पण नव्याने शिकणाऱ्यांसाठी सांगते: रंगाचं नाव तेच असलं तरी लॉट बदलला की छटा किंचित बदलते. गुंड्यावर ते कळत नाही, विणलेल्या स्वेटरच्या पाठीवर मात्र पट्टा उठून दिसतो. म्हणून गुंड्याचं लेबल फेकायचं नाही, गुंडाळून त्याच खणात ठेवायचं.

वजनाचा विचार मी केलाच नव्हता. भरलेली बाटली सव्वा किलोच्या आसपास असते. २४ बाटल्यांचे झाले तीसेक किलो, आणि त्या भारानेच असा रॅक जागच्या जागी राहतो. लोकर भरली तर जेमतेम अडीच किलो. आईने गुंडा ओढला आणि धागा पट्टीला अडकला, तेव्हा अख्खा रॅक तिच्याकडे कलला. मी शेजारीच होते म्हणून बरं. त्याच संध्याकाळी दोन लोखंडी अँगल लावून तो भिंतीला पक्का केला. बाटल्यांऐवजी हलक्या वस्तू ठेवणार असाल तर हे आधी करा, रंगरंगोटी नंतर. पाठ भिंतीला टेकल्यामुळे गुंडे मागे पडायचेही थांबले.

जागा मात्र एकदा बदलावी लागली. पहिल्यांदा रॅक खिडकीसमोर होता, रंग तिथे फार खुलायचे. चार महिन्यांनी जांभळा गुंडा फिरवून बघितला तर उन्हाकडची बाजू फिकट आणि मागची गडद. आता तो बाजूच्या भिंतीला आहे, उजेड येतो, थेट ऊन येत नाही. ट्रंकेतल्या अंधारात कसरीची भीती असायची. इथे रोज हात फिरतो, महिन्यातून एकदा सगळं बाहेर काढून झटकते. निश्चिंत मात्र राहता येत नाही, लोकर उघडी आहे.

बहिणीने हे बघून तसाच रॅक न्हाणीघरात टॉवेलांसाठी लावला. हात पुसायचे छोटे टॉवेल घडी घालून गुंडाळले की छान बसतात. अंघोळीच्या मोठ्या टॉवेलाची गुंडाळी दीडपट जाड होते, ती कोंबू नये. तिचा रॅक लोखंडी आहे, गंज धरेल असं मी तिला सांगितलंय.

सगळ्यात खालच्या ओळीत सुयांचे डबे आणि मुलीच्या गुंडाळलेल्या चित्रांना दोन खण. वरच्या ओळीतला एक आईने रिकामा ठेवायला लावला. अर्धवट विणकाम सुयांसकट त्यात जातं, म्हणजे उठताना ते कुठे ठेवू हा प्रश्न नाही.

काल मी लॅपटॉपवर काम करत होते. पलीकडून आईचा आवाज आला, "तीन बटणांतलं दुसरं रिकामं झालं गं. अजून एक बाही राहिलीय. लेबल आतच आहे, लॉट नंबर तेवढा वाचून दे."