हजरच्या बोडक्या डोंगरात काय ठेवलंय?

माझी बहीण नोकरीनिमित्त मस्कतला असते हे कळलं की लोक आधी तिथला सोन्याचा भाव विचारतात. मी तिच्याकडे जाऊन मॉल सोडून ओमानमधल्या हजर पर्वताचे डोंगर हिंडते म्हटलं की पुढचा प्रश्न ठरलेला: “अगं, कसारा-कर्जत गाठलं की सह्याद्री समोर उभा, आणि तू विमानाचं तिकीट काढून त्या बोडक्या दगडांत जातेस?” तुम्हीही विचारलंत म्हणून सांगते.

बोडके आहेत म्हणूनच जाते. आपल्याकडे पावसात झाडोरा आणि धुक्याआड डोंगर अर्धा लपतो. हजरच्या रांगेत लपायला जागाच नाही. मुसंदमपासून रास अल हदपर्यंत सुमारे 700 किलोमीटरची ही रांग. एका अंगाला ओमानचं आखात, दुसऱ्या अंगाला वाळवंट. सगळ्यात उंच जबल शम्स, 3000 मीटरच्या आसपास; आपलं कळसूबाई 1646.

मस्कतहून निझवा शहराच्या रस्त्याला लागलं की दोन्ही बाजूंना करपलेल्या, तपकिरी टेकड्या लागतात. फोटोत अगदी भिकार दिसतात. पण हा दगड पृथ्वीच्या कवचाच्याही खालचा, प्रावरणातला. सुमारे नऊ कोटी वर्षांपूर्वी समुद्राचा तळ अरबस्तानच्या काठावर चढत गेला, तेव्हा त्याच्यासोबत हाही वर आला. गाडी थांबवून जवळून बघा: भेगाभेगांतून पांढऱ्या शिरा गेलेल्या असतात, कुठे दोऱ्याएवढ्या, कुठे बोटभर जाड. पावसाचं पाणी आत मुरताना हवेतला कार्बन डायऑक्साइड घेऊन जातं, दगडाशी त्याची रासायनिक क्रिया होते आणि वायूचा चक्क दगड बनतो. शास्त्रज्ञ हल्ली इथे फेऱ्या मारतात त्या याचसाठी.

उंचावर हवा गार. दोन हजार मीटरच्या वर जुनिपरची जुनी, वाकडीतिकडी झाडं आहेत. खालच्या उन्हात ती टिकणार नाहीत, म्हणजे इथून पुढे कुठे सरकायची सोयच नाही. प्राण्यांचीही तीच गत. अरबी ताहर ही रानबकरी जगात फक्त याच रांगेत, ओमान आणि अमिरातीत मिळते. अंगाने आपल्या गावठी बोकडाएवढी, पण उभ्या कड्यावर बिनधास्त. वाळवंटात राहून तिला पाणी मात्र लागतंच. उन्हाळ्यात दोन-तीन दिवसांआड खाली उतरावं लागतं, आणि तिथे गावच्या शेळ्या आधीच हजर. चोरटी शिकार आहेच. ताहर आज संकटग्रस्त आहे.

दिसायला ती आपल्या हिमालयी आणि निलगिरी ताहरची बहीण वाटते, आणि कितीतरी वर्षं तशीच धरली गेली. 2005 मध्ये जनुकं तपासल्यावर निघालं की तिचं सगळ्यात जवळचं नातं उत्तर आफ्रिकेतल्या रानमेंढीशी, औदादशी आहे. मग तिला स्वतंत्र प्रजाती (जीनस) मिळाली, आणि पूर्ण नाव झालं अरबिट्रागस जयकारी.

जयकारी, हो. इंडियन मेडिकल सर्व्हिसमधले सर्जन डॉ. आत्माराम सदाशिव जयकर एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात बरीच वर्षं मस्कतला होते. दवाखाना सांभाळून त्यांनी साप, सरडे, मासे, बकऱ्या असं जे मिळेल ते गोळा करून लंडनच्या संग्रहालयात धाडलं. ताहरला त्यांचं नाव 1894 मध्ये लागलं. तिथला एक सरडा आणि वाळूतला एक बोआ यांनाही त्यांचंच. शिवाय अल-दमीरीचा प्राण्यांवरचा भलामोठा अरबी ग्रंथ त्यांनी इंग्रजीत आणायला घेतला. आपल्याकडे किती जणांना हा माणूस माहीत आहे? मी विचारते तेव्हा लोक बॅरिस्टर जयकरांचं नाव सांगतात.

जायचं असेल तर नोव्हेंबर ते फेब्रुवारी. याच रांगेतल्या जबल अखदर डोंगरावर जायला फोर-व्हील-ड्राइव्ह गाडीच लागते, घाटाच्या पायथ्याशी पोलीस अडवून बघतात. आकाशात ढग असतील तर वाडीत, म्हणजे कोरड्या नदीपात्रात, अजिबात उतरू नका. पाऊस वर कुठेतरी पडतो आणि लोंढा तुमच्यावर येतो. ताहर दिसेल असं मी सांगत नाही, मला अजून दिसलेली नाही.