हंसाच्या शेजारची शाळा

स्मरणिकेसाठी चार ओळी लिहून द्या, असा निरोप आला आणि आधी आठवला तो आवाज. १९८३ च्या अखेरीस नौदलाची सी हॅरिअर विमानं गोव्यात दाबोळीच्या तळावर आली, आणि त्यानंतर आपल्या शाळेचा एकही तास सलग झाला असेल असं वाटत नाही. तावदानं थरथरायची, खडू थांबायचा. बाकीचे शिक्षक आवाज विरेपर्यंत खिडकीबाहेर बघत उभे राहत. मराठी आणि संस्कृत शिकवणारे आमचे सर मात्र त्यातच धडा उरकून घेत.

मागच्या बाकावरून कोणीतरी हमखास ओरडायचं, "सर, विमान आयलें!"

"आलं ते मलाही ऐकू आलं. नाव काय त्याचं?"

"हॅरिअर."

"म्हणजे काय?"

वर्ग गप्प. मग सर सांगत, हॅरिअर हा शिकारी पक्षी, माळरानावरून अगदी खालून तरंगत फिरणारा. मराठीत त्याला भोवत्या म्हणतात. अलिझे नावाचं विमान त्याहून जुनं. ते नाव फ्रेंच, अर्थ व्यापारी वारे. ("पुढचं भूगोलाच्या बाईंना विचारा.") चेतक हेलिकॉप्टरची गंमत सगळ्यात मोठी. फ्रान्समध्ये ते आल्युएत होतं, म्हणजे चंडोल. भारतात बनू लागलं आणि चंडोलाचा राणा प्रतापांचा घोडा झाला. विमानांच्या तुकड्यांची नावं तर आणखी नामी: हॅरिअरवाले 'व्हाइट टायगर्स', अलिझेवाले 'कोब्राज'. "ज्यांना पंख नाहीत नेमकं त्यांनाच आभाळात धाडलंय," असं म्हणून सर स्वतःच हसत.

तळाचं नाव आयएनएस हंसा, हे वास्कोच्या पोराटोरांना ठाऊक. पण नौदलाच्या हवाई तळांना पक्ष्यांची नावं देण्याची रीतच आहे, हे सरांनी सांगितलं. कोचीला गरुड, पोर्ट ब्लेअरला उत्क्रोश. पुढे मी ही यादी वाढवत राहिलो. विशाखापट्टणचा डेगा हा तेलुगूतला ससाण्याच्या जातीचा पक्षी. अरक्कोणमचा राजाळी आणि रामनाथपुरमकडचा परुंदू दोघेही तमिळ. राजाळी म्हणजे ससाणा, परुंदू म्हणजे घार. मुंबईत शिक्रा, आणि पार ग्रेट निकोबारात बाज. उत्क्रोश हा अमरकोशातला, समुद्रगरुडासारखा मासेमार पक्षी. 'उत्' म्हणजे वर आणि 'क्रुश्' म्हणजे ओरडणं, तेव्हा त्याचं नावच त्याच्या ओरडण्यावरून पडलेलं.

बघाल तर सगळे चोचीला बाक असलेले, झडप घालणारे. आणि आपल्या वाट्याला हंस! सरस्वतीच्या पायाशी बसणारा, दूध आणि पाणी वेगळं करणारा. आम्हा मुलांना हे चक्क कमीपणाचं वाटे. एकानं तसं बोलूनही दाखवलं. सरांनी फळ्यावर तीन शब्द लिहिले: संस्कृत हंस, लॅटिन अन्सर, जर्मन गान्स. तिन्ही एकाच मुळातले. जुन्या ग्रंथांतला हंस हा बहुतेक वेळा या रानहंसांच्या कुळातला. त्यांतला पट्टकादंब दर हिवाळ्यात हिमालय ओलांडून भारतात उतरतो. "तुमचा गरुड जातो का तिथून?" असं सरांनी विचारल्यावर तो विषय कायमचा मिटला. नौदलानं नाव ठेवताना हिमालयाचा विचार केला होता की नाही, देव जाणे. मला सरांचं स्पष्टीकरण पुरतं.

संस्कृतच्या तासाला मग पक्ष्यांचे थवेच उतरत. ख म्हणजे आकाश, त्यातून जाणारा तो खग. विहायस् म्हणजेही आकाश, त्यावरून विहग. एकदा अंड्याच्या रूपानं आणि एकदा अंड्यातून, असा दोनदा जन्मतो म्हणून द्विज. आमच्या वाड्यावर शकुंतला नावाच्या दोन-तीन आज्या होत्या. टाकून दिलेल्या तान्ह्या मुलीला शकुंतांनी, म्हणजे पाखरांनी राखलं म्हणून ती शकुंतला, हे त्यांतल्या एकीला घरी जाऊन सांगितलं तर ती म्हणाली, "मग तुज्या सरांक म्हण, पाखरांक तांदूळ कोण घालता तेंय सांग."

पत् या धातूवर सरांचा विशेष जीव होता. उडणंही पत्, पडणंही पत्. झाडाचं पान, पक्ष्याचा पंख आणि टपालानं येणारं पत्र, तिन्हींना संस्कृतात पत्रच म्हणतात, आणि ते त्याच एका धातूतून निघालेलं. ग्रीकमधला प्टेरॉन, म्हणजे पंख, हाही त्याच घराण्यातला, आणि हेलिकॉप्टरच्या शेपटीला तोच चिकटलेला आहे.

पण मला सगळ्यात आवडलेला शब्द आपल्या घरातला निघाला. कोकणीत आपण पक्ष्याला सुकणें म्हणतो. संस्कृतात शकुन म्हणजे आधी पक्षी, मग पक्ष्यावरून बघितलेलं शुभाशुभ. मराठीनं शुभाशुभ ठेवून घेतलं, कोकणीनं पक्षी. रोममध्येही सरकारी अधिकारी कामाआधी पाखरं कुठून कुठे उडतात ते बघत. आपण गोंयकारांनी पाखरांना त्या कामातून सोडवलंय. कौल घ्यायला देवाच्या अंगावर पाकळ्या लावतो.

पतंगाच्या वेळी असंच. पावसाळा सरला की आम्ही मैदानात वावड्या उडवत असू. वावडी म्हणजे पतंग, त्यामुळे अफवेला वावडी का म्हणतात हे कोणी शिकवावं लागलं नाही. इंग्रज पतंगाला घारीचं नाव देतो, जर्मन ड्रॅगनचं, फ्रेंच तर उडतं हरीण म्हणतो. पोर्तुगीज म्हणतो पापागायु, पोपट! शेजारच्या एका म्हाताऱ्या शिक्षकांना हे विचारलं, तेव्हा पोर्तुगीज शाळेत शिकलेले ते गृहस्थ इतके खूश झाले की पुढचा तासभर आमची सुटका नव्हती.

आता वर्गातल्या एका स्पर्धेची गोष्ट. एका पावसाळी दुपारी विमानं बंद होती, म्हणून असेल, सरांनी अख्ख्या वर्गाला कामाला लावलं: मराठीत पंखांशिवाय काय काय उडतं ते लिहा. झोप उडते, रंग उडतो, धांदल उडते, गाळण उडते, खटके उडतात. पैसे उडवतात, खिल्ली उडवतात, प्रतिस्पर्ध्याचा धुव्वा उडवतात. क्रिकेटवाल्यांनी दांडी उडवली. उडाणटप्पू हा शब्द कोणी सुचवला ते आठवत नाही, पण लिहिताना सगळे माझ्याकडे बघत होते. मुलींच्या बाकानं 'लग्नाचा बार उडवणे' सांगून बाजी मारली आणि उडवाउडवीची उत्तरं शेवटी सरांनीच भरली, परीक्षेतले दाखले देऊन. आमच्या बाकानं 'सर, आमची मधली सुट्टी उडाली' हेही यादीत घालून पाहिलं. सरांनी घड्याळ बघितलं, वाक्य बरोबर असल्याचं मान्य केलं, गुण मात्र दिले नाहीत.