फायटर माशांसाठी डासाच्या अळ्या: अंडी उचलून, जाळीखाली

फायटरची जोडी लावायची असेल तर आधीचे दहा-बारा दिवस तिला जिवंत खाद्य हवं, हे माझं ठाम मत आहे. नुसत्या दाण्यांवर मादीचं पोट हवं तसं भरत नाही. डासाच्या अळ्या सुरू केल्या की ती अंड्यांनी गोल होते, पोटाखालचा पांढरा ठिपका स्पष्ट दिसू लागतो आणि नर फेसाचं घरटं बांधायला घेतो. गप्पी, टेट्रा, एंजल यांनाही अळी तितकीच आवडते. प्रश्न एवढाच, की शहरात, सोसायटीत राहून अळ्या वाढवायच्या तर एकही डास उडता कामा नये. डासांची पैदास सापडली तर महापालिका नोटीस देते आणि दंड करते. ते योग्यच आहे.

नाला, डबकं किंवा बांधकामावरचं साचलेलं पाणी यातून मी अळ्या कधीच आणत नाही. तिथे सांडपाणी असतं, मलेरिया विभागाने टेमिफॉससारखं अळीनाशक टाकलेलं असू शकतं आणि जाळ्यात चतुराची पिल्लं येतात. चतुराचं एक पिल्लू टाकीत लपून राहिलं तर रोज एकेक गप्पी कमी होत जातो आणि कारण कळत नाही. दुकानात मिळणारं ट्युबिफेक्सही मी टाळते. ते किड्याची अळी नसून गाळातला जंत आहे, आणि बहुतेक वेळा घाण पाण्यातून काढलेला असतो.

म्हणून माझी सगळी पद्धत अळी गोळा करण्यावर नाही, अंडी उचलण्यावर उभी आहे. आपल्या शहरांत रात्री चावणारा, तपकिरी रंगाचा साधा डास म्हणजे क्युलेक्स. त्याची मादी अंडी सुटी घालत नाही. दीडशे-दोनशे अंडी एकमेकांना चिकटवून त्यांचा तराफा पाण्यावर सोडते. तो तिळापेक्षा जरा मोठा, लांबट आणि मधे खोलगट असतो. रात्री घातलेला तराफा सुरुवातीला पांढरा असतो, काही तासांत काळपट होतो, म्हणून सकाळी पाण्यावर चटकन नजरेत भरतो. डेंग्यू पसरवणारा एडिस मात्र पाण्याच्या रेषेजवळ भांड्याच्या भिंतीवर एकेक काळं अंडं चिकटवतो, आणि ती अंडी कोरडी पडली तरी कित्येक महिने जिवंत राहतात. क्युलेक्सची अंडी सुकली की मेली. हा फरक पक्का लक्षात असेल तर पुढचं सगळं सोपं जातं.

क्युलेक्सला कुजकं पाणी लागतं. गडद रंगाच्या दहा लिटरच्या बादलीत सहा लिटर पाणी आणि दोन मुठी सुकं गवत घालायचं. नळाचं पाणी एक रात्र उघडं ठेवून मगच घ्यावं. झाकण लावून उन्हाळ्यात तीन-चार दिवस, थंडीत पाच-सहा दिवस मुरू द्यायचं. पाणी पिवळट-तपकिरी झालं, वास येऊ लागला की तयार. डासांचं सर्वेक्षण करणारेही अंडी घालायला आलेल्या क्युलेक्स माद्या अशाच गवताच्या पाण्याने सापळ्यात ओढतात. गवत अति घातलं तर पाण्यावर जाड साय धरते. मग तराफे तिला चिकटून फाटतात आणि उचलता येत नाहीत. साय दिसली की वर्तमानपत्राचा कागद पाण्यावर टेकवून ओढून घ्यायची.

बादली दिवसा घट्ट झाकलेलीच असते. अंधार पडल्यावर, साधारण आठनंतर, झाकण काढते आणि सकाळी उठल्या उठल्या परत लावते. यामागे कारण आहे. एडिस दिवसाचा डास. त्याची मादी बहुतेक दुपारी उशिरा, संध्याकाळच्या आत अंडी घालते. क्युलेक्स रात्री घालतो. झाकणाची वेळ पाळली की एडिस बराचसा बाहेरच राहतो. बादली सावलीत आणि पावसाच्या झडीपासून आत हवी. पागोळ्यांचं पाणी पडलं तर तराफे तुटतात आणि गवताचं पाणी पातळ होतं.

सकाळी झाकण लावण्याआधी तराफे उचलायचे. प्लास्टिकचा चपटा चमचा तराफ्याच्या खालून पाण्यातून सरकवायचा, वरून दाबायचं नाही. मला एक तराफा पुरतो. बाकीचे कागदावर काढून उन्हात ठेवते, दुपारपर्यंत सुकून जातात. हे काम एकही सकाळ चुकवून चालत नाही. रोज अंडी काढली तर बादली डासांचा सापळा ठरते, काढली नाहीत तर तीच डासांचा कारखाना.

उचललेला तराफा घरात, रुंद तोंडाच्या पारदर्शक बरणीत जातो. बरणीत दोन लिटर शिळं, म्हणजे रात्रभर उघडं ठेवलेलं नळाचं पाणी असतं आणि तोंडावर मच्छरदाणीचं कापड दुहेरी करून रबरबँडने आवळलेलं. तराफा घातल्यापासून एक ते दोन दिवसांत अंडी फुटतात. नुकती निघालेली अळी मिलिमीटर-दीड मिलिमीटरची, पूर्ण वाढलेली सहा-सात मिलिमीटरची. खाद्य म्हणून बेकरीतलं सुकं यीस्ट. पहिले दोन दिवस पाव चिमूट, नंतर अर्धी, चमचाभर पाण्यात विरघळवून. पाणी किंचित गढूळ व्हावं आणि दुसऱ्या दिवशी परत निवळावं, हेच माप. निवळलं नसेल तर त्या दिवशी यीस्ट नाही. जास्त यीस्टने पाण्यावर पातळ पापुद्रा येतो. अळी शेपटाजवळच्या नळीने पाण्यावरची हवा घेते. पापुद्र्याने नळीचं तोंड बंद झालं की एका रात्रीत सगळ्या अळ्या तळाला जातात. पाण्याला आंबूस वास, तळाला पांढुरक्या मेलेल्या अळ्या असं दिसलं तर त्यातल्या जिवंत अळ्याही माशांना देऊ नयेत, सगळं टाकून द्यावं.

एका बरणीत एकच तराफा. दोन घातले तर गर्दीने वाढ रखडते, काही अळ्या मोठ्या आणि काही बारीक राहतात, आणि कोष कधी होतील याचा अंदाजच येत नाही. तो अंदाज सगळ्यात महत्त्वाचा. अठ्ठावीस-तीस अंश तापमानात अंडी फुटल्यापासून सहाव्या-सातव्या दिवशी कोष दिसू लागतात आणि कोषातून दोन दिवसांत डास बाहेर पडतो. पुण्या-नाशिकच्या थंडीत हेच जवळजवळ दुप्पट दिवस घेतं. आरोग्य विभाग आठवड्यातून एक कोरडा दिवस पाळायला सांगतो तो याच हिशेबाने. बरणीवर मी तराफ्याची तारीख चिकटवते. पहिला कोष दिसला की त्याच दिवशी बरणी रिकामी. कोष ओळखायला सोपा आहे. डोक्याकडचा भाग फुगीर, शेपूट आत वळलेलं, आणि अळीसारखा तो खात नाही. मासे कोषही आवडीने खातात, म्हणून आधी तेच काढून द्यावेत.

खायला घालण्याआधी धुणं आलंच. बरणी दोन मिनिटं हलवू नये. अळ्या वर येतात, गाळ खाली बसतो. मग बरणीचा अर्धा भाग काळ्या कागदाने झाकून उरलेल्यावर टॉर्च धरायचा. अळ्या उजेडापासून पळून अंधाऱ्या बाजूला गोळा होतात. तिथून बारीक जाळीच्या गाळणीत घ्यायच्या आणि शिळ्या पाण्याच्या तीन वाट्यांत एकेकदा बुडवून काढायच्या. शेवटची वाटी पांढरी ठेवावी, म्हणजे अळ्यांखेरीज काही आलं असेल तर दिसतं. कधी बादलीच्या तळाच्या गाळात लाल, वळवळणाऱ्या अळ्या सापडतात. त्या न चावणाऱ्या चिलटांच्या, म्हणजे दुकानात ब्लडवर्म म्हणून मिळतात त्याच. त्या स्वच्छ धुऊन देता येतात. हाताळताना हातमोजे घालावेत, काहींना त्यांनी खाज आणि शिंका येतात.

मोठ्या फायटरला एका वेळी सहा ते आठ अळ्या, दिवसातून दोनदा, आणि आठवड्यातून एक दिवस उपास. मासा मागतोय म्हणून देत राहिलं तर पोट फुगतं, मासा तिरका पोहू लागतो. ड्रॉपरने दोन-दोन अळ्या सोडाव्यात आणि संपल्यावरच पुढच्या. पाच मिनिटांत न खाल्लेली प्रत्येक अळी काढून घ्यायची. तरंगत्या वनस्पती दाट असतील तर अळ्या मुळांत लपतात आणि टाकीतच डास होतात. अशा टाकीत खाऊ घालताना वनस्पती एका कोपऱ्याला सारते. फायटरची नुकती पोहायला लागलेली पिल्लं मात्र अगदी ताजी अळीसुद्धा गिळू शकत नाहीत. त्यांना पहिले दोन आठवडे इन्फ्युसोरिया (पाण्यातले सूक्ष्मजीव) आणि आर्टेमिया या बारीक कोळंबीसारख्या जिवाची पिल्लं, त्यानंतर एक दिवसाची अळी.

उरलेल्या अळ्या मी गोठवते. कोषाची तारीख जवळ आली की सगळ्या धुऊन चपट्या डबीत थोड्या पाण्यासह दोन-तीन मिलिमीटरचा थर करायचा, गोठला की नखाएवढे तुकडे पाडून झाकणबंद डबीत. दोन महिन्यांत संपवाव्यात. तुकडा टाकीच्या पाण्यात पूर्ण वितळवून, गाळून द्यावा.

बादलीही दर सहाव्या दिवशी रिकामी होते. पाणी दाट कापडातून गाळते. नजरेतून सुटलेल्या तराफ्यांच्या बारीक अळ्या कापडावर येतात, त्या माशांना. मग बादलीच्या आतली कड ताठ ब्रशने साबण लावून घासायची, विशेषतः पाण्याची रेषा जिथे होती तो पट्टा, आणि वरून उकळतं पाणी ओतायचं. एडिसची चिकटलेली अंडी नुसतं पाणी ओतून देण्याने जात नाहीत. गाळलेलं पाणी एकदा परत वापरता येतं, दुसऱ्यांदा नवीन गवत. गावाला जायचं असेल तर बादली घासून, वाळवून उलटी ठेवायची आणि बरणीतलं सगळं फ्रीजरमध्ये टाकायचं. शेजाऱ्यांवर ती जबाबदारी सोपवू नये.