तुम्ही विचारलंत म्हणून: आरमर वाढवून उपयोग काय?

शनिवारी रात्री जेवणं आटोपली की आम्ही चौघं डायब्लो ३ हा राक्षस मारायचा कॉम्प्युटर गेम खेळायला बसतो. मी सांगलीहून, धाकटा भाऊ पुण्याहून, आणि त्याचे दोन मित्र. २०१२ च्या मे महिन्यात आलेला हा गेम. आमच्यातली माणसं बदलत गेली, पण नवीन आलेल्या प्रत्येकानं महिन्या-दीड महिन्यात मला एक प्रश्न विचारलाच आहे: "ताई, एवढं आरमर चढवलं आणि मार अडण्याचा टक्का हलला जेमतेम तीननं. मग डिफेन्सवर जागा कशाला घालवायची? सगळं डॅमेजमध्येच टाकू ना?"

खेळता खेळता उत्तर द्यायला जावं तर मध्येच एखादा एलिट पॅक, म्हणजे जास्त ताकदवान राक्षसांची टोळी, अंगावर येतो आणि बोलणं तिथंच राहतं. म्हणून एकदा नीट लिहून काढते.

आधी तो तीन टक्क्यांचा घोळ. सत्तराव्या लेव्हलला गेम असा हिशेब करतो: तुमच्या आरमरला, म्हणजे चिलखताच्या आकड्याला, 'आरमर अधिक ३५००' नं भागायचं. जे उत्तर येईल तेवढा मार चिलखत अडवतं. हे ३५०० म्हणजे लेव्हलची पन्नासपट. तिसाव्या लेव्हलला हाच आकडा १५०० असतो, म्हणून तिथं भक्कम वाटलेलं आरमर सत्तराला पातळ लागतं. आता आकडे मांडू. ७,००० आरमर असेल तर ६६.६७ टक्के मार अडतो. १०,५०० ला ७५ टक्के, १४,००० ला ८० आणि १७,५०० ला ८३.३३. दर वेळी आपण ३,५०० च घातले, पण पदरात आधी आठ टक्के पडले, मग पाच, मग तीन. हे पाहून पोरं म्हणतात, आता बास, पुढचं आरमर वाया जाणार.

अडलेला मार मोजला की असंच वाटतं. त्याऐवजी आत शिरलेला मार मोजा. ७,००० आरमरला मारातला तिसरा हिस्सा आत येतो. १०,५०० ला चौथा, १४,००० ला पाचवा, १७,५०० ला सहावा. तुमची लाइफ पाच लाख असेल, तर तुम्हाला पाडायला राक्षसाला अनुक्रमे पंधरा, वीस, पंचवीस आणि तीस लाखांचा मार मारावा लागेल. म्हणजे प्रत्येक ३,५०० आरमरला बरोबर पाच लाखांची भर. पहिल्या ३,५०० ला जेवढी, तेवढीच पाचव्या ३,५०० ला. टक्का कमी कमी हलताना दिसतो, पण तुमचा टिकाव एका चालीनं वाढत असतो.

टक्क्यांचा दुसरा घोळ मी रोज डोळ्यांनी बघते. एका साड्यांच्या दुकानात मी हिशेब लिहिते. दसऱ्याआधी दारात '५०% + २०%' अशी पाटी लागते. बाई दोन हजारांची साडी घेऊन काउंटरला येतात, मनात सत्तर टक्के धरलेले असतात, त्यामुळे सहाशे काढून ठेवतात. बिल येतं आठशेचं. वीस टक्के सूट मूळ दोन हजारांवर नसते, अर्धे कमी होऊन उरलेल्या हजारावर असते. मी दर वर्षी कागदावर मांडून दाखवते आणि त्यांना पटतंही.

डायब्लो ३ मध्ये हेच चालतं. आरमर ७५ टक्के आणि रेझिस्ट (मार अडवणारा दुसरा आकडा) ७५ टक्के असेल, तर दोन्ही मिळून दीडशे होत नाहीत. आरमरनं चौथा हिस्सा आत सोडला, त्या चौथ्या हिश्शाचा पुन्हा चौथा हिस्सा रेझिस्टनं आत सोडला. उरला सोळावा भाग, म्हणजे सव्वासहा टक्के. बार्बेरियन आणि माँक या पात्रांना मुळातच ३० टक्के मार कमी बसतो, तो या उरलेल्यावर लागतो. सव्वासहाचे झाले ४.३७५. पाच लाख लाइफच्या बार्बेरियनला पाडायला आता एक कोटी चौदा लाखांचा मार लागतो.

डायब्लो २ खेळून आलेल्यांसाठी इथं एक गोष्ट सांगायलाच हवी. त्या गेममध्ये डिफेन्सचा आकडा तुम्हाला घाव लागण्याची शक्यता कमी करतो. लागलेला घाव त्यानं हलका होत नाही. तिसऱ्या भागात आरमर प्रत्येक घाव हलका करतं, मग तो कुऱ्हाडीचा असो, आगीचा असो की विषाचा. रेझिस्टही प्रत्येक प्रकारच्या माराला आहे, शारीरिक मारालासुद्धा. म्हणून इथं दोन्ही एकाच घावावर एकामागून एक काम करतात.

आणि म्हणूनच दोघांचा तोल लागतो. रेझिस्टचं गणित आरमरसारखंच आहे, फक्त ३५०० च्या जागी ३५० येतात. ३५० रेझिस्टला निम्मा मार आत येतो, ७०० ला तिसरा हिस्सा, १,०५० ला चौथा. म्हणजे एक रेझिस्ट दहा आरमरच्या तोलाचं. आता १०,५०० आरमर आणि १,०५० रेझिस्ट घ्या: चार गुणिले चार, सोळा. त्याच तोलात १४,००० आणि ७०० घेतलंत तर पाच गुणिले तीन, पंधरा. १७,५०० आणि ३५० घेतलंत तर सहा गुणिले दोन, फक्त बारा. आरमर रेझिस्टच्या दहापट असेल तिथं गुणाकार सगळ्यात मोठा येतो. हे मला कळलं तेव्हा उशीर झाला होता.

२०१६ च्या पावसाळ्यात मी हार्डकोअरमध्ये बार्बेरियन वाढवत होते. हार्डकोअर म्हणजे एकदा मेला की कायमचा गेला, अंगावरच्या सगळ्या वस्तूंसकट. आरमर साडेसतरा हजारांच्या आसपास होतं आणि ते ८३ टक्के बघून मला फार भरवसा वाटायचा. रेझिस्ट साडेतीनशेच्या घरात. एका ग्रेटर रिफ्टमध्ये, म्हणजे वेळेची मर्यादा असलेल्या लढाईत, आर्केन आणि फ्रोझन असा जोड असलेला पॅक भेटला. बर्फाचे गोळे फुटले आणि माझा बार्बेरियन जागच्या जागी गोठला. जांभळा आर्केन किरण घड्याळाच्या काट्यासारखा फिरत येत होता. त्याच वेळी स्क्रीन अर्धा सेकंद थिजला. पडदा हलला तोवर किरण पार होऊन गेला होता आणि बार्बेरियन जमिनीवर होता.

दोन दिवस मी त्या अर्ध्या सेकंदाला दोष देत होते. तिसऱ्या दिवशी दुकानात रिकाम्या वेळी मागच्या पानावर हिशेब मांडला. ताकदीतून आलेलं आरमर हलवता येत नाही, पण खांदे, चिलखत, विजार, बूट या सगळ्यांवर मी जाणूनबुजून आरमरच्या ओळी (वस्तूवर लिहिलेले फायदे) निवडल्या होत्या. त्या जागी रेझिस्ट घेऊन आरमर १४,००० वर उतरलं असतं आणि रेझिस्ट ७०० वर गेलं असतं, तरी बाराचे पंधरा झाले असते. म्हणजे टिकाव पाव पटीनं जास्त. इथून युरोपच्या सर्व्हरवर खेळणाऱ्याला डोळ्यांनी पाहून बाजूला व्हायला पुरेसा वेळ मिळत नाही, पिंग, म्हणजे सर्व्हरपर्यंत जाऊन यायला लागणारा वेळ, तेवढा असतोच. मग तो पाव पट टिकाव म्हणजे आपली हक्काची वेळ आहे. मी ती घेतलीच नव्हती.

यात माझ्या बार्बेरियनची एक खास अडचण होती, आणि ती तुमच्यापैकी बहुतेकांची आहे. ताकदीचा प्रत्येक पॉइंट एक आरमर देतो. डीमन हंटर आणि माँकच्या चपळाईचंही तसंच. पॅरागॉन (सत्तराव्या लेव्हलनंतर मिळत राहणारी पातळी) ८०० च्या पुढे गेलं की प्रत्येक पॉइंटला मुख्य गुण, म्हणजे ताकद किंवा चपळाई, पाचनं वाढतो. म्हणजे काहीही न करता यांचं आरमर चढत राहतं आणि रेझिस्ट मागे पडतं. विझर्ड, विच डॉक्टर आणि नेक्रोमॅन्सरचं उलटं. त्यांच्या बुद्धीच्या दहा पॉइंटांना एक रेझिस्ट मिळतं, म्हणून त्यांचं रेझिस्ट आपोआप भरतं आणि आरमर उघडं पडतं. तेव्हा बार्बेरियननं वस्तूंवर रेझिस्ट शोधावं, विझर्डनं आरमर. आपल्याकडे जे आधीच भरपूर आहे तेच आणखी घ्यावंसं वाटतं, कारण तो आकडा मोठा दिसतो आणि बघायला बरं वाटतं. पॅरागॉनच्या डिफेन्स पानावरही आधी मागे पडलेल्या रकान्यात पॉइंट टाका. तिथं रेझिस्ट जास्तीत जास्त २५० वाढतं आणि आरमर २५ टक्के.

यानंतर येतात थेट टक्क्यांत मार कमी करणाऱ्या गोष्टी, आणि त्यांची खरी किंमत फार थोड्यांना कळते. बार्बेरियनचं इग्नोर पेन हे कौशल्य घ्या. पाच सेकंद सगळा मार निम्मा. आमच्यातल्या एकानं ते काढून टाकलं होतं, का तर "तीस सेकंदांत पाचच सेकंद चालतं, सरासरी काढली तर जेमतेम आठ टक्के भरतात." पण मार सरासरीनं येत नाही. एलिट पॅक अंगावर आला की तीन-चार सेकंदांत काय ते ठरतं, आणि त्या चार सेकंदांत निम्मा मार म्हणजे दुप्पट लाइफ. प्राइड ऑफ कॅसिअस हा पट्टा बांधला की त्यात चार ते सहा सेकंदांची भर पडते. मी त्याला सांगितलं, बटण भीती वाटल्यावर दाबू नकोस, पॅकमध्ये शिरण्याआधी दाब. तेवढ्यानंच त्याचं मरणं पुष्कळ कमी झालं.

दुसरी गोष्ट युनिटी अंगठीची. ही अंगठी घातलेल्या सगळ्यांत मार वाटला जातो. एकट्यानं खेळताना एक अंगठी आपण घालायची, दुसरी गेममधल्या सोबत्याला द्यायची, आणि त्याला 'मरत नाही' असं लिहिलेलं टोकन द्यायचं. माझ्याकडे कॉरमॅक हा टेम्प्लर असतो. माझ्यावर पडणाऱ्या माराचा निम्मा तो घेतो आणि त्याला काही होत नाही. एका अंगठीच्या जागेत आख्खा अर्धा मार कमी. एवढा टिकाव आरमरमधून काढायचा तर १४,००० चे ३१,५०० करावे लागतील. वरचे भागाकार करून बघा, पटेल.

"मग नुसती व्हायटॅलिटी वाढवली तर?" हेही विचारलं जातं. व्हायटॅलिटीनं लाइफ वाढते, आणि लाइफ वाढवणं वाईट नाही. साठ टक्के लाइफ भरणारं पोशन लाइफच्या प्रमाणातच भरतं. पण तुमच्या बिल्डमध्ये, म्हणजे निवडलेल्या कौशल्यांच्या आणि वस्तूंच्या जुळणीत, दर घावाला लाइफ परत मिळत असेल, तर फरक मोठा पडतो. समजा घावाला २०,००० परत येतात. वरच्या ४.३७५ टक्केवाल्या बार्बेरियनसाठी हे २०,००० राक्षसाचा साडेचार लाखांवरचा मार पुसतात. युनिटी घातली की तेच २०,००० नऊ लाखांच्या वर मार पुसतात. लाइफ दुप्पट केली तर टाकी मोठी होते, पण नळ तेवढाच राहतो. म्हणून बराच वेळ राक्षसांच्या गर्दीत उभं राहणाऱ्या व्हर्लविंड बार्बेरियननं आधी मार कमी करावा, लाइफ नंतर.

आता मूळ प्रश्न, सगळं डॅमेजमध्येच का नको. ग्रेटर रिफ्टला पंधरा मिनिटं असतात. दर पातळीला राक्षसांची लाइफ १७ टक्क्यांनी चढते, तेव्हा डॅमेज लागतंच, ते मी कधी नाकारलं नाही. पण मेल्यावर उठायला वेळ जातो आणि पुन्हा मेलात की आणखी जातो. पडून राहिलेल्या माणसाचं डॅमेज शून्य असतं. रिफ्टमध्ये चार-पाचदा मरत असाल, तर एक-दोन ओळी डिफेन्सला द्या, वेळ उलट वाचेल. एकदाही मरत नसाल, तर खुशाल काढून डॅमेजला लावा.

हा हिशेब डोळे झाकून दुसऱ्या गेमला लावू नका. पाथ ऑफ एक्झाइलमध्ये आरमर लहान घावांना जास्त अडवतं आणि मोठ्या घावापुढे कमी पडतं, त्यामुळे नुसत्या आरमरच्या आकड्यावरून काहीच ठरत नाही. आगीचं, थंडीचं आणि विजेचं रेझिस्ट तिथं ७५ टक्क्यांवर थांबतं, आणि ती मर्यादा वाढवणारी वस्तू मिळाली तर सोडू नये. ७५ चे ८० झाले की पंचवीसऐवजी वीसच आत येतात, म्हणजे पाचवा हिस्सा मार कमी. उरलेलं मोजायची सवय तिथंही तितकीच कामाची आहे.

आणि एक सांगायचं होतं. गेममधल्या मिरियम या बाईकडे जाऊन वस्तूवरची एक ओळ बदलून घेता येते, पण एकदा जी ओळ निवडाल तीच पुढे पुन्हा पुन्हा बदलता येते, त्या वस्तूवरची दुसरी कुठलीही नाही. माझा एक चांगला हातमोजा असाच अडकलाय. तेव्हा तिच्यासमोर उभं राहण्याआधी कागद घ्या. आरमर भागिले ३५००, अधिक एक. रेझिस्ट भागिले ३५०, अधिक एक. दोनपैकी जो आकडा लहान, त्याची ओळ मागा.