फोन वुडीच करतो

अमेरिकेतल्या एका विद्यापीठाच्या फिल्म संग्रहात मी जुन्या शालेय लघुपटांची नोंदणी करते. १६ मिमीची रिळं, बहुतेक दहाएक मिनिटांची. दुसऱ्या महायुद्धानंतर इथल्या वर्गावर्गांत प्रोजेक्टर लावून ती दाखवत.

त्या दिवशी कॉरोनेट कंपनीचा १९४९चा ‘डेटिंग: डूज ॲन्ड डोन्ट्स’ होता. श्रेयनामावलीत सल्लागार म्हणून रुबेन हिल, नॉर्थ कॅरोलायना विद्यापीठातले कुटुंबजीवनाचे प्राध्यापक. म्हणजे मुलांना हे सगळं शास्त्र म्हणूनच शिकवलं जात होतं. लघुपटातल्या वुडी नावाच्या शाळकरी मुलाला कार्निव्हलचं एका जोडप्याचं तिकीट मिळतं. बरोबर कोणाला न्यावं? जॅनिस देखणी, पण तिच्यासमोर पोराला कमीपणा वाटेल. बेटीबरोबर मजा येणार नाही. मग तो ॲनला निवडतो. फोन कसा करावा, हे तीन प्रकारे दाखवलंय. रात्री तिच्या दाराशी निरोप कसा घ्यावा, तेही तीन प्रकारे. एका प्रकारात तो तिचं चुंबन घ्यायला जातो आणि ती त्याला थोपवते.

आमच्याकडे मदतीला येणाऱ्या एक ऐंशी पार केलेल्या बाई शेजारी बसल्या होत्या. दाराशीचा प्रसंग त्यांनी मला पुन्हा लावायला सांगितला. शाळेत असताना त्यांनी हाच लघुपट पाहिला होता. नंतर शिक्षिकेनं मुलांना विचारलं, फोनवर काय बोलाल? आणि मुलींना विचारलं, त्याला वाईट न वाटू देता कसं अडवाल? बाई सांगत होत्या, “मला एक मुलगा फार आवडायचा. शनिवारभर मी फोनजवळून हलले नाही. आपण नंबर फिरवावा, हे डोक्यातसुद्धा आलं नाही.” हे सांगताना त्यांच्या आवाजात राग होता, इतक्या वर्षांनंतरही. मला तो अगदी रास्त वाटला. त्याच्या मोहाला आवर घालायचा तिनं आणि वर त्याचं मनही तिनंच जपायचं, हे ओझं पंधरा-सोळा वर्षांच्या पोरीवर वर्गात बसवून लादलेलं!

या लघुपटाच्या जुन्या नोंदणी-कार्डावर एवढंच होतं: ‘मुलांना डेटवरच्या शिष्टाचाराचं मार्गदर्शन.’ मी त्यात भर घातली: ‘निवड आणि बोलावणं मुलाकडून, मुलीकडे होकार किंवा नकार. शारीरिक जवळिकीला आळा घालायचं काम मुलीचं.’

वरिष्ठांचं म्हणणं पडलं, हे मत झालं, वर्णन नव्हे. मी त्यांना शॉटची यादी दाखवली: फोन कोण करतं, दाराशी कोण अडवतं. त्यांनी ती शेवटपर्यंत वाचली आणि माझा मजकूर होता तसा ठेवला. बाईंची आठवण त्यांच्या परवानगीनं, नाव न घालता, टिपणांच्या रकान्यात गेली.